आमचा पिक्चर आणि अप्पांचा आवाज

बौद्ध झाल्यावर आमच्या घरातली भिंत बरेच दिवस रिकामी होती. जुन्या तसबिरी वडिलांनी तळ्यात सोडल्या होत्या आणि नवीन तसबीर अजून यायची होती. मग कुणीतरी सोलापूरहून बुद्धाचं चित्र आणून दिलं. त्याला काच आणि चौकट बसवायला वडील गुलबर्ग्याला निघाले आणि सोबत मला घेतलं. मी तेव्हा मॅट्रिक होऊन घरी बसलो होतो. आमचं गाव मादन हिप्परगा, आळंद तालुक्यातलं. गावात मॅट्रिक झालेल्या माणसाला करण्यासारखं काही नव्हतं.

चौकटीचं ते दुकान म्हणजे फोटो स्टुडिओही होता. मालक म्हातारे मुसलमान गृहस्थ. सगळे त्यांना चाचा म्हणत. काच कापता कापता त्यांनी वडिलांना विचारलं, मुलगा काय करतो. वडील म्हणाले, "काही न्हाई." चाचा म्हणाले, "तो फिर यहीं छोड देव." वडील बुद्धाची तसबीर घेऊन परत गेले आणि मी गुलबर्ग्यात राहिलो.

चाचांनी मला आधी निगेटिव्हवर बारीक पेन्सिलीनं चेहऱ्यावरचे डाग काढायला शिकवलं, आणि मग उजेड बघायला. गिऱ्हाईक खुर्चीवर बसलं की मी त्याच्या तोंडाकडे बघायचो. चाचा म्हणायचे, "मुँह बाद में देख मियाँ, उजाला किधर से आरा सो पहले देख." पुढे मी मोठमोठ्या माणसांच्या हाताखाली काम केलं, पण यापेक्षा वेगळं मला कुणी फारसं काही शिकवलं नाही.

सिनेमाशी माझी गाठ बिदरला पडली. बिदरी कामावर, म्हणजे काळ्या धातूवरच्या चांदीच्या नक्षीवर, एक माहितीपट काढायला मद्रासहून काही लोक आले होते. कारागीर दखनी उर्दू बोलायचे, त्यांच्या घरच्या बाया कन्नड, आणि मदतीला लावलेले मजूर मराठी. कॅमेरामन तमिळ होते, त्यांना यातलं काही कळत नव्हतं. माहितीपटवाल्यांनी चाचांकडे माणूस मागितला. चाचांनी मला धाडलं. कॅमेरामन साहेबांनी मोडक्या हिंदीत विचारलं, किती भाषा येतात? मी म्हणालो, "कधी मोजल्या नाहीत, सर." ते हसले. आमच्याकडे भाषा मोजायची पद्धतच नाही. समोरचा जे बोलतो ते आपण बोलायचं.

काम संपल्यावर साहेब मला मद्रासला घेऊन गेले. तिथं मी बरीच वर्षं काढली. भिंगं पुसली, काळ्या पिशवीत हात घालून न बघता फिल्म भरली, पडद्यावर नाव न येता पुष्कळ पिक्चरांत उजेड धरला. हळूहळू कन्नडमध्ये लहान लहान पिक्चर स्वतंत्रपणे मिळू लागले. राज्याचं नाव मैसूरचं कर्नाटक झालं त्याच सुमाराला माझं लग्न झालं आणि मी गुलबर्ग्यात बिऱ्हाड केलं. काम असेल तेव्हा मद्रासला किंवा बेंगळूरला जायचो, नसेल तेव्हा घरी असायचो.

माझी बायको उदगीरकडची, शाळामास्तरीण. म्हणजे तिचं माहेर महाराष्ट्रात आणि सासर कर्नाटकात. लग्नानंतरच्या पहिल्या पंचमीला तिचे वडील तिला न्यायला आले, तेव्हा पावसानं ओढे भरले होते. वाटेत बस बंद पडली आणि ते चालत निघाले. दारात उभे राहिले तेव्हा गुडघ्यापर्यंत काळा चिखल होता. लेकीनं पाणी दिलं, भाकरी वाढली. ते जेवले आणि मग पहिल्यांदा बोलले, "चल माय." बायको ही गोष्ट कुणालाही सांगायची. एकदा ती सांगत असताना मी म्हणालो, "हा पिक्चर आहे." ती म्हणाली, "ह्यात काय पिक्चर? माणूस आला आन् घेऊन गेला."

पण माझ्या डोक्यातून ते जाईना. बाप लेकीला आणायला निघतो, एक हद्द ओलांडतो, तिला घेऊन परत येतो. बास, एवढंच. असा पिक्चर काढायला कुणी निर्माता पुढे येणार नव्हता, म्हणून ते काम माझ्या एका मित्रानं अंगावर घेतलं. तो मूळचा करजगीचा, शेतकरी घरातला, गुलबर्ग्यात त्याची डाळीची मिल होती. आमची ओळख स्टुडिओतली. लग्न जमवण्यासाठी फोटो काढून घ्यायला तो आला होता. तोंडावर देवीचे वण होते म्हणून फार खजील होता. मी खिडकी अर्धी झाकून फोटो काढला. मुलीकडच्यांनी होकार दिला. तेव्हापासून माझ्या कॅमेऱ्यावर त्याची श्रद्धा होती. "अण्णा," तो म्हणाला, "तुमी उजेड बघा. जेवण, गाड्या, माणसं मी बघतो." अशा रीतीनं आम्ही दोघं निर्माते झालो.

लेकीचं काम बायकोनंच करायचं ठरलं. तिनं आधी चक्क नकार दिला. मग गुलबर्ग्याच्या एका नाटक मंडळीतली बाई बोलावली. तिनं "बाबा, तुम्ही केव्हा आलात?" असं पुण्याच्या मराठीत म्हणून दाखवलं. बायको शेजारच्या खोलीतून बाहेर आली. "असं कोण बोलतंय आपल्याकडं?" म्हणाली, "सरा, मी करते."

बापासाठी मला एक तोंड हवं होतं आणि ते मला लहानपणापासून माहीत होतं. आमच्या गावात एक शेतकरी होते. सगळा गाव त्यांना अप्पा म्हणायचा. घर हिंदू, शेती पिढ्यान् पिढ्यांची. ते आणि त्यांचा धाकटा भाऊ एकत्र राहत. अप्पा उंच, वाळके, चालायला लागले की जमीन मोजतायत असं वाटायचं. मी त्यांना तुरीच्या रानात गाठलं.

"पिक्चरात काम करावं लागंल, अप्पा."

"काय काम?"

"चालायचं."

"चालायला येतंय मला," अप्पा म्हणाले. "आन् बोलायचं काय?"

"थोडंच. लेकीला आणायला जाताना माणूस बोलतो तेवढं."

त्यांना लेक नव्हती, दोन मुलगे होते. तरी म्हणाले, "येतो."

पावसाळ्यात काम सुरू केलं. माणसं मोजकी. रिफ्लेक्टर म्हणजे फळीला चिकटवलेला चांदीचा कागद. ऊन फार कडक झालं की दोघं गडी डोक्यावर पांढरं धोतर ताणून धरायचे. अप्पांना काही सांगावं लागत नसे. मी म्हणायचो, "त्या बाभळीपर्यंत जावा," आणि ते जायचे. कॅमेरा आहे हे ते विसरून जात. एकदा तर बाभळीच्या पुढे निघून गेले, हाका मारून परत आणावं लागलं.

लेकीचं घर म्हणून मी आमचंच घर निवडलं होतं, बौद्ध वस्तीतलं, आईवडिलांचं. दार पूर्वेला होतं, सकाळी आत चुलीपर्यंत ऊन यायचं. उजेडासाठी निवडलं असं मी सगळ्यांना सांगितलं आणि ते खरंही होतं. पण त्या घरात अप्पांनी पाणी प्यायचं होतं, भाकरी खायची होती. अप्पांच्या घरातलं कुणी आमच्या वस्तीत कधी पाण्याला शिवलं नव्हतं. आमचे वडील त्यांच्या रानात कामाला जात, तिथं ते दोघं बांधावर बसून तासभर बोलत, पण ज्याची त्याची भाकरी वेगळी.

त्या दिवशी सकाळी आमच्या अंगणात निम्मं गाव जमलं होतं. माझा मित्र मला बाजूला घेऊन हळूच म्हणाला, "अण्णा, त्यांच्या घरून एक तांब्या आन् भाकर मागवू का? पडद्यावर कुणाला कळायलंय?"

अप्पांनी ते ऐकलं. ते उंबऱ्यावर बसले होते. आम्ही त्यांच्या पायांना गुडघ्यापर्यंत चिखल लावत होतो.

"कामून?" ते म्हणाले. "ती माझी लेक हाय न्हवं?"

"पिक्चरात हाय, अप्पा," माझा मित्र म्हणाला.

"मग पिक्चरात मी दुसऱ्याच्या घरचं कामून खाऊ?"

मी कॅमेऱ्यामागे गेलो. बायकोनं तांब्या दिला. अप्पा वरून न ओतता तांब्याला तोंड लावून पाणी प्यायले. तिनं ताटात भाकरी वाढली, शेंगाची चटणी घातली. अप्पांनी भाकरी मोडली. माझी आई बाहेर भिंतीला टेकून उभी होती, तिनं पदर तोंडावर घेतला.

आणि फिल्म अडकली. कॅमेऱ्यात फिल्म अडकली की कागद चुरगळल्यासारखा आवाज होतो, तो आवाज मला झोपेतसुद्धा ओळखू येईल. पुन्हा घ्यावं लागलं. पुन्हा पाणी, पुन्हा भाकरी. मग ढग आला. मग कुणाचं तरी रेडकू चौकटीत शिरलं. बायकोनं आणखी भाकऱ्या थापल्या. अप्पा प्रत्येक वेळी तितक्याच भुकेनं खायचे. शेवटी मी "झालं" म्हणालो, तेव्हा ते ताटातली उरलेली भाकरी संपवूनच उठले. बायकोला म्हणाले, "चटणी झ्याक झालीय. मास्तरणी असून हाताला चव हाय."

त्यांच्या घरी मात्र ही गोष्ट पचली नाही. धाकटे अप्पा, म्हणजे त्यांचे भाऊ, हट्टी माणूस. भांडले नाहीत, फक्त अप्पांच्या पंगतीला बसायचे बंद झाले. एकाच चुलीवरचं जेवण दोघं भाऊ वेगवेगळ्या वेळी खाऊ लागले. मला हे अप्पांच्या बायकोकडून कळलं, त्यांना आम्ही अव्वा म्हणायचो. मी अप्पांकडे गेलो. तेच म्हणाले, "त्याचं त्याला कळंल. न्हाई कळलं तर न्हाई. तू तुझं काम कर."

चित्रीकरण झालं. फिल्म मद्रासला धुऊन आणली. तो सगळा काळापांढरा पिक्चर जुळवत आम्ही बसलो होतो तेव्हा गावाकडून निरोप आला की अप्पा गेले. थंडीत छाती भरली होती. आळंदच्या दवाखान्यात नेलं, पण उपयोग झाला नाही. मी मातीला गेलो. धाकटे अप्पा डोळ्यांतून टिपूस न काढता सगळं करत होते. माझ्याकडे त्यांनी पाहिलं नाही.

आमचा कॅमेरा चालताना शिवणयंत्रासारखा वाजायचा, त्यामुळे जागेवरचा आवाज वापरता येणार नव्हता. तो नंतर भरायचा होता. आता अप्पांचं तोंड होतं, पण आवाज नव्हता. नाटकवाल्या एकाला आणून बघितलं. त्याचा आवाज गोड होता आणि पडद्यावर अप्पा एकदम खोटे वाटायला लागले. मित्र म्हणाला, "अण्णा, बोलणं काढूनच टाका की." तेवढ्यात बायको म्हणाली, "धाकट्या अप्पांना डोळे मिटून कधी आयकलंव का?"

ते खरं होतं. दोघा भावांचा आवाज एक होता. अंधारात कोण हाक मारतंय ते अव्वांनासुद्धा कळायचं नाही.

मी आणि बायको गावी गेलो. धाकटे अप्पा खळ्यात तूर बडवत होते. मी सगळं सांगितलं. ते ऐकत राहिले, हात थांबला नाही. शेवटी म्हणाले, "जमणार न्हाई. ज्या कामानं घरात दुफळी झाली त्यात मी जीभ घालू व्हय?"

आम्ही उठलो. अव्वा तिथंच सुपानं तूर पाखडत बसल्या होत्या. त्यांनी सूप खाली ठेवलं.

"भावजी," त्या म्हणाल्या, "ह्यांचं तोंड आन् परक्याचा आवाज, असं मी बघू का?"

धाकट्या अप्पांनी बडवणं थांबवलं. काठी बाजूला ठेवली. "कवा जायचंय?" त्यांनी विचारलं.

गुलबर्ग्याहून मद्रासच्या गाडीत आम्ही तिघं बसलो. बायकोनं वाटेसाठी कडक भाकरीची चवड फडक्यात बांधून घेतली होती. ह्या भाकरीला दिवस गेले तरी काही होत नाही. धाकट्या अप्पांनी स्वतःची शिदोरी आणली होती. त्यांनी त्यांचं खाल्लं, आम्ही आमचं.

आवाज भरायची तेव्हाची रीत अशी होती : फिल्मचा एक तुकडा कापून त्याची दोन टोकं जोडायची आणि तो चकरीसारखा यंत्रात घालायचा. पडद्यावर तेवढंच दृश्य पुन्हा पुन्हा येत राहतं. माणसानं ते बघत, ओठांना ओठ जुळवत बोलायचं. धाकटे अप्पा माइकपुढं उभे राहिले. पडद्यावर अप्पा आले. बाभळीकडे चालत गेले, परत पहिल्या जागी आले, पुन्हा चालत गेले. धाकटे अप्पा बघतच राहिले. आवाज भरणारे तमिळ गृहस्थ काचेमागून खुणा करत होते, मी त्यांना हातानं थांबवलं.

पहिल्या दिवशी विशेष काही झालं नाही. दुसऱ्या दिवशी त्यांची जीभ सुटली. मी लिहिलेली वाक्यं ते बदलायचे. "असं त्यो म्हणला नसता," म्हणायचे आणि स्वतः म्हणून दाखवायचे. बहुतेक वेळा पडद्यावरच्या ओठांशी त्यांचंच वाक्य जुळायचं, कारण अप्पांनीही माझं वाक्य बदललेलं असायचं.

मग तो तुकडा आला. अप्पा बसतात, पाणी पितात, भाकरी मोडतात, म्हणतात, "लई लांबून आलोय, माय." चकरी फिरू लागली. धाकट्या अप्पांनी वाक्य नीट म्हटलं. पण घास चावायचा आवाजही लागत होता. तमिळ गृहस्थांनी बिस्किटाचा पुडा आत पाठवला. बिस्किटाचा आवाज बिस्किटासारखाच आला.

बायको आत गेली. फडकं सोडून भाकरी पुढं धरली. धाकट्या अप्पांनी तिच्याकडं बघितलं, भाकरीकडं बघितलं. पडद्यावर त्यांचा भाऊ पुन्हा खाली बसला, पुन्हा पाणी प्यायला.

त्यांनी भाकरी घेतली, मोडली आणि खाल्ली.

दोन-तीनदा झालं तरी आवाज काही बसेना. मला वाटलं, बारकं आहे, सोडून देऊ. तेवढ्यात तेच म्हणाले, "थांबा. त्याला डाव्या बाजूला दाढा न्हवत्या. त्यो उजवीकडनंच चावायचा." त्यांनी घास उजव्या गालात घेतला. पडद्यावर अप्पांचा उजवा गाल हलत होता. मी इतके महिने तो तुकडा बघत होतो, पण हे मला दिसलं नव्हतं.

या वेळी आवाज बसला. लाल दिवा विझला तरी धाकटे अप्पा उभे राहून भाकरी खात होते. मग तिथल्याच एका खुर्चीवर बसले आणि उपरण्यानं डोळे पुसले. बायकोनं पाणी दिलं, ते प्यायले. परतीच्या गाडीत त्यांची शिदोरी संपली होती. आमच्यातलं खाल्लं.

पिक्चर पुरा झाला, तेव्हा तो कोणत्या भाषेतला हा प्रश्न निघाला. सेन्सॉरच्या कचेरीतल्या साहेबांनी विचारलं, कन्नड की मराठी? मी म्हणालो, बाप घरात मराठी बोलतो, बाजारात कन्नड, गाडीवाल्याशी दखनी. ते म्हणाले, एक सांगा. मराठी सांगितलं. मग बेंगळूरमध्ये म्हणाले की हा मराठी पिक्चर, मुंबईत म्हणाले की हा कर्नाटकातला. दोन्हीकडे दार अर्धंच उघडलं. वाईट वाटलं, पण नवल वाटलं नाही. हद्दीवर राहणाऱ्याला ह्याची सवय असते.

गुलबर्ग्यातल्या एका टॉकीजमध्ये सकाळचे खेळ मित्रानं मिळवले. पहिल्या रविवारी आमचं अख्खं गाव त्याच्या डाळीच्या ट्रकांतून आलं. आमची आळी आणि वरची आळी, सगळी बाकांवर मिसळून बसली, कारण जागा मिळेल तिथं बसायचं होतं. अव्वा पुढच्या रांगेत होत्या. अप्पा पडद्यावर आले तसा त्यांनी डोक्यावरचा पदर सारखा केला, नवरा घरात आल्यावर करतात तसा. पहिलं वाक्य ऐकलं तेव्हा दिराकडं वळून बघितलं आणि पुन्हा पडद्याकडं.

भाकरीचं दृश्य आलं. थिएटर एकदम गप्प झालं. मी मागे दाराशी उभा होतो. तेवढ्यात अव्वा मोठ्यानं म्हणाल्या, "बघा की! घरी अर्धी भाकर टाकून उठायचे. हितं कसं खायलेत!"

सगळं थिएटर हसलं. धाकटे अप्पाही हसले. मी बाहेर पायरीवर जाऊन बसलो. मला हसू येत होतं आणि रडूही. आतून लोकांचा आवाज येत होता, तो ऐकत राहिलो.

गावात धाकटे अप्पा आमच्या घरी कधी आले नाहीत. गुलबर्ग्याला डोळे दाखवायला आले की आमच्या बिऱ्हाडी उतरायचे, जेवायचे, बायकोला म्हणायचे, "माय, वाढ." गावात परत गेले की पुन्हा जिथल्या तिथं. मला आधी याचा राग यायचा. बायको म्हणायची, "हितं तर जेवायलेत न्हवं? असू द्या."

पिक्चर आळंदला चालला, बिदरला चालला, उदगीरला चांगला चालला. नंतर दूरच्या शहरांत सिनेमाची आवड असलेल्या मंडळींनी दाखवला आणि तिथं लोकांनी मला पहाटेचं ऊन कसं घेतलं ते विचारलं. माझा मित्र डाळीच्या मिलकडे परत गेला. अजूनही पाहुण्यांना स्वतःची ओळख आधी निर्माता म्हणून आणि मग डाळवाला म्हणून करून देतो. मला मात्र निर्माता म्हणवून घेताना अजून जीभ अडखळते.

पुढं मी आणखी दोन पिक्चर काढले, दोन्ही छोटे. मध्ये व्हिडिओ आला आणि आमच्यासारख्या पुष्कळांचं काम गेलं. मी आरोग्य खात्यासाठी, शाळांसाठी माहितीपट केले. बिदरजवळच्या कोळारला कारखाने उभे राहत होते, तिथल्या कामगारांवर एक केला. त्यात औरादकडची एक बाई तीन भाषांत एकाच दमात आपला दिवस सांगते. आवाज तिचाच, तिथल्या तिथं घेतलेला. तोवर कॅमेरे न वाजणारे झाले होते. काम सेन्सॉरच्या कचेरीत दाखवायला गेलो तेव्हा तिथल्या अधिकाऱ्यानं पुन्हा विचारलं, भाषा कोणती लिहू? बायको सोबत होती. ती म्हणाली, "त्या बाईलाच विचारा." तो हसला आणि अर्जातली ती जागा कोरी सोडून पुढं गेला.